हप्ता बसतोय, पण किती वर्षं?

अगं, परवा फोनवर किती खुशीत होतीस! फ्लॅट पसंत पडला, दोघांच्या पगारात हप्ता बसतोय, बँकेनं मंजुरीचं तोंडी सांगूनही टाकलं. मला मनापासून बरं वाटलं. आई-बाबांची सगळी उमर भाड्याच्या खोल्यांत आणि मग क्वार्टरमध्ये गेली, तेव्हा आपल्या हक्काच्या चार भिंती म्हणजे काय, हे तुला मी सांगायला नको. पण बोलता बोलता तू म्हणालीस, “वीसऐवजी तीस वर्षं करून देतो म्हणालाय ताई, हप्ता आणखी पाच हजारांनी उतरेल.” तेवढं एक वाक्य माझ्या डोक्यातून जाईना. फोनवर आकडे नीट सांगता येत नाहीत, म्हणून लिहायला बसले. घाईत वाचू नकोस. रात्री सगळं आवरलं की कॅल्क्युलेटर जवळ घेऊन वाच.

तुमचं कर्ज ५० लाखांचं. दर मी साडेआठ टक्के धरलाय. आज तुला यापेक्षा थोडा कमी मिळत असेल, पण वीस वर्षांत हा दर कितीदा तरी वर-खाली होणार, म्हणून हिशेबाला मधला घेतला. वीस वर्षांची मुदत असेल तर हप्ता येतो ४३,३९१ रुपये. आता त्याला २४० नं गुण. १ कोटी ४ लाख रुपये होतात. म्हणजे ५० लाख मुद्दल आणि ५४ लाख व्याज. घर एक घेतलंस आणि व्याजात दुसऱ्या घराचे पैसे भरलेस.

आता तीस वर्षं कर. हप्ता ३८,४४६. महिन्याला जवळजवळ पाच हजार कमी, हे तो बँकेचा माणूस खरंच सांगत होता. त्यानं जे सांगितलं नाही ते असं, की एकूण भरणा १ कोटी ३८ लाखांवर जातो आणि त्यात व्याज असतं ८८ लाख. महिन्याचे पाच हजार वाचवायला ३४ लाख जास्त. आणि याहून मला जास्त टोचतं ते पुढे आहे. तीस वर्षांच्या मुदतीत पहिली दहा वर्षं तू एकही हप्ता न चुकवता ४६ लाख रुपये भरशील, आणि दहा वर्षांनी बँकेचं स्टेटमेंट काढशील तेव्हा त्यावर ४४ लाख ३० हजार बाकी दिसेल. दहा वर्षांत कर्ज उतरलं ते पावणेसहा लाखांनी.

असं का होतं, ते एकदा समजून घे. फार अवघड नाही. बँक दर महिन्याला आधी बघते की आज बाकी किती, आणि त्यावर महिन्याचं व्याज लावते. ५० लाखांवर साडेआठ टक्क्यांनी पहिल्या महिन्याचं व्याज ३५,४१७ रुपये. तुझ्या ४३,३९१ मधून हे आधी कापलं जातं आणि उरलेले ७,९७४ तेवढे मुद्दलात जमा होतात. तीस वर्षांच्या हप्त्यात तर मुद्दलाच्या वाट्याला तीनच हजार येतात. पुढच्या महिन्यात बाकी थोडी कमी, म्हणून व्याज थोडं कमी, मुद्दलाला थोडं जास्त. असं हळूहळू पारडं फिरतं. वीस वर्षांच्या कर्जात पहिल्या वर्षी तू ५ लाख २० हजार भरतेस आणि कर्ज उतरतं फक्त १ लाखानं. पाच वर्षांत २६ लाख भरून बाकी ४४ लाख. दहा वर्षांत, म्हणजे बरोब्बर अर्धी मुदत संपल्यावर, ५२ लाख भरून बाकी ३५ लाख. अर्धं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष संपत येतं. यात बँकेची काही फसवणूक नाही हं, हिशेब सरळ आहे. फक्त तो हिशेब तुला आधी कुणी समजावून सांगत नाही. तू आपणहून ‘परतफेडीचं वेळापत्रक’ माग. अमॉर्टायझेशन शेड्यूल म्हणतात त्याला. २४० ओळींचा तक्ता असतो. तो छापून घे आणि कपाटाच्या दाराला आतून चिकटव.

म्हणून माझं तुला सांगणं एवढंच, की ‘हप्ता बसतो का’ हा प्रश्न अर्धाच आहे. हप्ता बसवणं बँकेच्या हातचं काम आहे. मुदत ताणली की कुणाच्याही पगारात कुठलंही कर्ज बसतं. खरी किंमत वर्षांत आहे. तू आज ३१ ची. वीस वर्षांनी ५१ ची होशील. तीस वर्षांनी ६१ ची, म्हणजे निवृत्तीनंतरही हप्ता. तुझी मुलं कॉलेजात जातील, आई-बाबा म्हातारे होतील, तुला कधीतरी नोकरी सोडून काही वेगळं करावंसं वाटेल. त्या प्रत्येक वेळी हा हप्ता मध्ये उभा असेल. तेव्हा आज कागदावर सही करण्यापूर्वी तुम्ही दोघांनी ठरवा, की आपण कुठल्या वर्षी मोकळे होणार. ते साल लिहून ठेवा, आणि मग त्यासाठी हप्ता किती लागतो ते बघा. पंधरा वर्षं धरलीस तर हप्ता ४९,२३७. वीस वर्षांपेक्षा महिना ५,८४६ जास्त, पण व्याज साडेपंधरा लाखांनी कमी.

आता तू म्हणशील, ताई, आत्ता पंधरा वर्षांचा हप्ता नाही गं जमणार. ठीक आहे. आत्ता न जमणं वेगळं आणि कधीच न जमणं वेगळं. तुमचे पगार दर वर्षी थोडेफार वाढतात ना? मग वीस वर्षांची मुदत घे आणि दर वर्षी पगारवाढ झाली की हप्ता ५ टक्क्यांनी वाढवून घे. पहिल्या वर्षी ४३,३९१, दुसऱ्या वर्षी ४५,५६१, असं. मी हे कागदावर वर्षावर्षानं मांडून पाहिलं. वीस वर्षांचं कर्ज सव्वाबारा वर्षांत संपतं. व्याज ५४ लाखांवरून साडेचौतीस लाखांवर येतं. सगळ्या उपायांत मला हाच सगळ्यात आवडतो, कारण यात एकदम मोठी रक्कम कुठून आणायची नसते. पगार वाढल्यावर खर्च आपोआप वाढतोच. त्याच्या आधी हप्ता वाढवून टाकायचा. तेवढंही नाही जमलं तर वर्षाला एक हप्ता जादा भर, दिवाळीच्या बोनसमधून. त्यानं मुदत साडेसोळा वर्षांच्या आसपास येते आणि दहा-अकरा लाख व्याज वाचतं.

आणि हातात कधी एकरकमी पैसे आले तर ते कधी भरायचे, याला फार महत्त्व आहे. पहिलं वर्ष संपताना २ लाख मुद्दलात भरलेस, तर शेवटचे एकवीस हप्ते गळून पडतात आणि सात लाखांच्या वर व्याज वाचतं. तेच २ लाख पंधरावं वर्ष संपताना भरलेस तर वाचतो १ लाख. रक्कम तीच. म्हणून सुरुवातीची पाच-सात वर्षं जपायची. गाडी, परदेशाची सहल, मोठा टीव्ही हे सगळं नंतरही होईल. मी तुला मन मारून जग असं नाही सांगत, पण कर्जाच्या पहिल्या वर्षांतला रुपया फार मोठा असतो, एवढं लक्षात ठेव.

पार्ट पेमेंट करताना अर्जावर ‘मुदत कमी करा, हप्ता तोच ठेवा’ असं स्पष्ट लिही. नाहीतर काही ठिकाणी हप्ता कमी करून देतात आणि मुदत तशीच राहते. आणि दंडाला भिऊ नकोस. बदलत्या दराच्या गृहकर्जावर, वैयक्तिक कर्जदाराकडून, मुदतीआधी भरल्याबद्दल दंड घ्यायला रिझर्व्ह बँकेनं केव्हाच मनाई केलीय. स्थिर दराचं कर्ज असेल तर मात्र अटी वाचून घे.

बदलत्या दराचं आणखी एक आहे, आणि ते खूप जणांना उशिरा कळलं. २०२० च्या मे महिन्यात रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दरानं पैसे देते तो, ४ टक्के होता. गृहकर्जं तेव्हा पावणेसात-सात टक्क्यांना मिळत होती आणि लोकांनी भराभर घरं घेतली. मग मे २०२२ पासून दर चढत गेले आणि फेब्रुवारी २०२३ ला रेपो साडेसहावर पोचला. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी नवी बदलत्या दराची गृहकर्जं बाहेरच्या दराशी, बहुतेक ठिकाणी रेपोशी, जोडलेली आहेत. त्यामुळे ते अडीच टक्के थेट कर्जावर आले. पण हप्ता मात्र खूप जणांचा तोच राहिला. लोकांना वाटलं, आपल्याला काही झालं नाही. झालं होतं. बँकेनं हप्ता न वाढवता मुदत वाढवली होती.

समजा कुणी पावणेसात टक्क्यांनी ५० लाख घेतले, वीस वर्षांसाठी, हप्ता ३८,०१८. दोन वर्षांनी बाकी साडेसत्तेचाळीस लाख, मुदत उरली अठरा वर्षं. आता दर सव्वानऊ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचं व्याजच ३६,५८८ होतं. मुद्दलाला उरतात चौदाशे रुपये. अठरा वर्षांची राहिलेली मुदत कागदावर ३५ वर्षांच्याही पुढे जाते. एवढी मुदत बँक देत नाही, वयाची अट आडवी येते, मग कधीतरी हप्ता वाढवा म्हणून सांगणं येतं. पण तोवर कितीतरी महिने गेलेले असतात. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेनं यावर नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. स्थिर दराकडे जायचा पर्यायही तेव्हा सक्तीचा होता, २०२५ पासून मात्र तो बँकेच्या मर्जीवर आहे. हप्ता इतका तोकडा पडू द्यायचा नाही की व्याजसुद्धा भागू नये. तेव्हा हा तुझा हक्क आहे. दर वाढल्याचा मेसेज आला की त्याच आठवड्यात बँकेत जा आणि हप्ता वाढवून माग. आणि दर उतरला, जसा २०२५ मध्ये उतरत गेला, तर उलट कर. हप्ता कमी करून घेऊ नकोस, तोच ठेव. मुदत आपोआप आक्रसते.

दर वर्षी एकदा नव्या गिऱ्हाइकाला तुझी बँक काय दर देतेय ते बघत जा. तुला जो दर लागतो त्यात रेपो आणि त्यावर बँकेचा ‘स्प्रेड’ असतो. नव्यांसाठी स्प्रेड कमी होतो, जुने तसेच मागे राहतात. अर्धा टक्का म्हणजे किरकोळ वाटतो ना? ५० लाखांवर, वीस वर्षांत, पावणेचार लाख. एक अर्ज आणि थोडीशी फी भरून तो कमी होऊ शकतो. नाही म्हणाले तर दुसऱ्या बँकेत कर्ज हलवायचा पर्याय असतो. मात्र तिथली प्रोसेसिंग फी, वकिलाची फी, पुन्हा मुदत वीस वर्षं करून देण्याचा मोह, हे सगळं धरून हिशेब कर. दहाव्या-बाराव्या वर्षानंतर हलवण्यात फारसं हशील राहत नाही.

आता कर्जाच्या बाहेरचा खर्च. इथे माझी तुझ्याबद्दल खरी काळजी आहे, कारण तू ‘६५ चा फ्लॅट, ५० कर्ज, १५ आमचे’ असं म्हणालीस. ते १५ पुरणार नाहीत. बांधकाम चालू असलेला फ्लॅट आहे, म्हणजे ५ टक्के जीएसटी, सव्वातीन लाख. पुण्यात मुद्रांक शुल्क ७ टक्के, म्हणजे साडेचार लाखांच्या वर, आणि तेही करारातली किंमत किंवा रेडीरेकनरचा सरकारी दर यांत जे जास्त असेल त्यावर. नोंदणी फी ३० हजार. झाले ना आठ लाख? फ्लॅट ७३ ला गेला. मग सोसायटीचं आगाऊ मेंटेनन्स, वीज मीटर, ग्रिल, पंखे, स्वयंपाकघरातल्या ट्रॉल्या, पडदे. बँक ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला घराच्या किमतीच्या फार तर ८० टक्के देते आणि त्या किमतीत मुद्रांक शुल्क नि नोंदणी धरत नाही. मग ऐनवेळी लोक पर्सनल लोन काढतात, नाहीतर आईचे दागिने गहाण ठेवतात. गृहकर्जाच्या डोक्यावर आणखी महाग कर्ज. तसं करण्यापेक्षा, राणी, सहा महिने थांब. फ्लॅट पळून जात नाही. आणि भोगवटा पत्र मिळालेला तयार फ्लॅट बघितलास तर जीएसटी लागतच नाही, हेही बिल्डरच्या माणसानं तुला सांगितलं नसेल.

ताबा मिळायला अजून दोन-अडीच वर्षं आहेत ना? तोवर भाडं चालूच. वर बँक जेवढी रक्कम बिल्डरला देईल तेवढ्यावरचं व्याज, प्री-ईएमआय, दर महिन्याला. २५ लाख दिले असतील तर १७,७०८ रुपये. यातला एक रुपयाही मुद्दलात जात नाही, आणि तुझी वीस वर्षं अजून सुरूच झालेली नसतात. जमत असेल तर बँकेला सांग की पूर्ण हप्ता पहिल्यापासून घ्या. जादा पैसे मुद्दलात पडतात. आणि प्रकल्पाचा महारेरा क्रमांक टाकून तिथे ताब्याची कुठली तारीख नोंदवलीय ते स्वतः बघ. माहितीपत्रकातली तारीख नको, महारेराच्या संकेतस्थळावरची. करारात तीच असायला हवी. त्या तारखेला ताबा नाही मिळाला तर रेरा कायद्याप्रमाणे उशिराच्या काळाचं व्याज मागता येतं.

‘टॅक्स वाचेल’ हे तुला किती जणांनी सांगितलं? पूर्वी ते बरंचसं खरं होतं. आता तुम्ही दोघं नव्या करप्रणालीत आहात, आणि तिथे स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. जुन्या प्रणालीत मिळते, पण ती वर्षाला एकाला जास्तीत जास्त २ लाख. कर वाचवायला कर्ज घ्यायचं आणि कर वाचवायला ते फेडायचं नाही, असला सल्ला देणारे भेटतील. ऐकू नकोस. वाचलेला कर नेहमी भरलेल्या व्याजापेक्षा कमीच असतो.

विम्याचं सांगते. सही करायच्या दिवशी, शंभर पानांच्या गठ्ठ्यात, कर्जाचा विमा निघतो. एकदाच भरायचा प्रीमियम, “काही नाही मॅडम, कर्जातच मिळवून देतो.” समजा तो दीड लाख आहे. कर्जात मिळवला की वीस वर्षांत त्याचे ३ लाख १२ हजार होतात. हा विमा बँकेकडूनच घ्यायची सक्ती कुठल्याही कायद्यात नाही. विमा मात्र हवाच, त्यात हयगय नको. दोघांचाही साधा टर्म प्लॅन घ्या, वेगळा, कर्जाच्या रकमेहून जास्तीचा. कर्जाबरोबरच्या विम्यात बहुतेक वेळा कर्ज उतरतं तशी भरपाईही उतरत जाते. टर्म प्लॅनची रक्कम तशीच राहते आणि बँक बदललीस तरी तो तुझ्याजवळ असतो.

आता जरा जवळ ये, हे फक्त तुझ्यासाठी आहे. तू सहकर्जदार म्हणून सही करणार आहेस, कारण एका पगारावर ५० लाख मिळत नाहीत. मग करारनाम्यात मालक म्हणून तुझं नाव आहे का? नीट बघितलंस का? बँक सहमालकाला बहुतेक वेळा सहकर्जदार करायला लावते, पण प्रत्येक सहकर्जदार मालक असतोच असं नाही. नाव फक्त कर्जात असेल तर सगळं कर्ज फेडायची जबाबदारी तुझी, हप्ता थकला तर सिबिल स्कोअर तुझाही खराब, आणि घरावर मालकी शून्य. तुझा नवरा चांगला आहे, मला तो भावासारखा आहे, आणि हे त्याच्यावर अविश्वास म्हणून सांगत नाहीये. माणसं चांगली असली तरी कागद पुरे असावेत. करारात दोघांची नावं आणि वाटा लिहून घ्या, निम्मा-निम्मा असेल तर तसा. हप्त्यातला तुझा भाग तुझ्या खात्यातून जाऊ दे. घरखर्च तू करायचा आणि हप्ता त्यानं भरायचा, असं वाटून घेतलंत तर वीस वर्षांनी तुझ्या पैशाची कुठे नोंदच राहत नाही. किराणा, दूध, मुलांची फी यांची पावती कुणी जपून ठेवत नाही.

फ्लॅट फक्त स्त्रीच्या नावावर घेतला तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत आहे. तुमच्या बाबतीत ६५ हजार. सासूबाईंनी कदाचित तेही सुचवलं असेल. पण मग तुझा नवरा मालक राहत नाही, हे त्यालाही आवडायला हवं. ६५ हजारांसाठी मालकी ठरवू नका. आधी मालकी ठरवा, मग सवलत मिळाली तर घ्या.

आणि हप्ता ठरवताना दोन्ही पगार पुरे धरू नका, अगं. एखाद दोन वर्षांत बाळाचा विचार करायचाय म्हणालीस. तेव्हा तुझा पगार सहा महिने पुरा येईल, मग कदाचित वर्षभर येणारच नाही. तो काळ तुझा असायला हवा. हप्त्याच्या धास्तीनं तीन महिन्यांच्या तान्ह्याला सोडून कामावर जावं लागलं तर माझा जीव तुटेल. म्हणून एकाच्या पगारात, चिमटीत का होईना, हप्ता निघेल एवढंच कर्ज घ्या. आणि सहा हप्त्यांएवढे पैसे मुदत ठेवीत वेगळे ठेवा. पार्ट पेमेंटच्या उत्साहात तेही भरून टाकू नका.

हप्ता थांबवायची सवलत मिळाली तरी ती फुकट नसते, हे २०२० नं दाखवलं. करोनात मार्च ते ऑगस्ट हप्ते थांबवायची मुभा होती. ज्यांचं उत्पन्नच बंद झालं त्यांना तो आधार होता, त्यांनी घेतला ते बरोबरच केलं. पण व्याज थांबलं नव्हतं. नुकतंच सुरू झालेलं आपल्या उदाहरणातलं कर्ज घे. सहा महिने काही न भरता व्याज मुद्दलात मिळत गेलं, तर नंतर त्याच हप्त्यानं २४० ऐवजी २७० हप्ते लागतात. सहा थांबवले, तीस वाढले.

हे सगळं वाचून घाबरून घर नको म्हणू नकोस. त्यासाठी नाही लिहिलं. वीस वर्षांनंतरचे ४३ हजार आजच्या ४३ हजारांएवढे जड नसतील. महागाई कर्जदाराच्या बाजूनं थोडी काम करते. घरमालक दर अकरा महिन्यांनी करार नवा करतो नि भाडं वाढवतो, मुलांची शाळा बदलावी लागते, भिंतीला खिळा ठोकायला विचारावं लागतं. त्यातून सुटण्यालाही किंमत आहे, आणि ती आकड्यात येत नाही. मात्र भाडं म्हणजे पैसे पाण्यात, असं जे सगळे म्हणतात, ते मला पटत नाही. पहिल्या वर्षी तू जे ४ लाख २० हजार व्याज भरणार, तेही भाडंच आहे, पैशाचं. तुमच्या आजच्या भाड्याशी त्याची तुलना करा. वर नव्या घराचं मेंटेनन्स, मिळकतकर, पाच-सात वर्षांनी रंग, लिफ्टची दुरुस्ती हे धरा. फरक झेपत असेल तर जरूर घ्या. आणि पुण्यात राहायला गेलात की महापालिकेत पीटी-३ अर्ज लगेच भरा. स्वतः राहत असलेल्या घराला मिळकतकरात ४० टक्के सवलत मिळते.

कर्ज फिटल्यावरचंही आत्ताच सांगून ठेवते. शेवटचा हप्ता गेला म्हणजे काम संपत नाही. बँकेकडून नो ड्यूज घ्यायचं, गहाणाची नोंद रद्द झाल्याचा कागद घ्यायचा, सोसायटीच्या दप्तरातला बोजा काढायचा, सिबिलमध्ये कर्ज बंद दिसतंय का ते तपासायचं. मूळ करारनामा आणि बाकीची कागदपत्रं बँकेनं ३० दिवसांत परत द्यायला हवीत. डिसेंबर २०२३ पासून नियम आहे, की बँकेच्या चुकीनं उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई. म्हणून आज देताना काय काय दिलं त्याची यादी करून बँकेचा सही-शिक्का घे, आणि सगळ्याच्या रंगीत प्रती काढून एक संच माझ्याकडे ठेव.

तर आता असं कर. मंजुरीपत्र लेखी माग. त्यात दर, स्प्रेड, मुदत, प्रोसेसिंग फी, विमा हे बघ. करारनाम्याचा मसुदा बिल्डरकडून आधी घे, टोकनच्या घाईत सही करू नकोस. दोन्ही मला व्हॉट्सअ‍ॅपवर पाठव. शनिवारी मला सुट्टी आहे, तुम्ही दोघंही जेवायलाच या. तुझ्या नवऱ्याला यातले आकडे आधीच दाखव, म्हणजे ताईनं भरवलं असं त्याला वाटणार नाही. तीस वर्षांचं मात्र तोवर कुणाला हो म्हणू नकोस.